सुवाहून: ब्रिज लाल आणि ४५,४३९ पास

आपल्याकडे समुद्राचा इतिहास म्हटलं की आरमार आठवतं, कान्होजी आंग्रे आठवतात. फिजीत, राजधानी सुवाला राहायला आल्यावर मला दुसराच समुद्र वाचायला मिळाला. त्यात लढाया नाहीत, बोटीत कोंबलेली माणसं आहेत. तो लिहिला ब्रिज लाल यांनी.

लाल १९५२ साली वानुआ लेवू बेटावर, लंबासाजवळच्या ताबिया गावात ऊसवाल्यांच्या घरी जन्मले. आजा उत्तर प्रदेशातल्या बहराइचहून गिरमिटावर, म्हणजे मजुरीच्या करारावर, आलेला. नातू पुढे कॅनबेराच्या विद्यापीठात इतिहासाचा प्राध्यापक झाला.

१८७९ ते १९१६ दरम्यान ६० हजारांवर मजूर इथे उतरले. निघताना प्रत्येकाच्या नावाने पास निघे: बापाचं नाव, वय, जात, जिल्हा, ठाणं, गाव, उंची, अंगावरची खूण. कलकत्त्याहून आलेल्यांचे असे ४५,४३९ पास लाल यांनी तपासले आणि त्यांचा हिशेब संगणकावर मांडला. काम रटाळ, पण त्यातून जे निघालं त्याने बरेच जुने समज मोडले. हे सगळे खालच्या जातीचे नव्हते. गावात असतात तशा बहुतेक जातींचे होते. पुष्कळजण आधीच पोटासाठी गाव सोडून दुसऱ्या जिल्ह्यात गेले होते, तिथे त्यांची भरती झाली. कितीतरी बायका एकट्या आल्या, आणि त्यांच्यावर मारलेला 'बदफैली'चा शिक्का लाल यांनी पुसून काढला. फसवणूक झाली हे ते मान्य करतात, पण सगळ्यांनाच भोळसट ठरवायला तयार नाहीत. मला हेच सगळ्यात पटतं.

कुंतीवरचा त्यांचा लेख जरूर वाचा. एप्रिल १९१३ मध्ये केळीच्या मळ्यात गोऱ्या ओव्हरसियरपासून अब्रू वाचवायला तिने नदीत उडी घेतली. कलकत्त्याच्या 'भारतमित्र'ने ही हकिकत छापली आणि सरकारला चौकशी करावी लागली. त्याच्या आदल्याच वर्षी, मार्च १९१२ मध्ये, आपल्या गोखल्यांनी ही गिरमिटाची पद्धत साफ बंद करावी असा ठराव व्हाइसरॉयच्या कौन्सिलात मांडला होता; सरकारी मतांनी तो पडला. उरलेली गिरमिटं रद्द व्हायला १९२० उजाडलं.

दुसरा लेख 'सिरिया' या शिडाच्या जहाजाचा. मे १८८४ मध्ये ते रेवा नदीच्या मुखाजवळ नासिलाईच्या प्रवाळखडकावर फुटलं, ५९ माणसं गेली.

२००९ साली लष्करी सरकारने लाल यांना देशाबाहेर काढलं. २०२१ च्या नाताळात ते ब्रिस्बेनला वारले, तोवर बंदी उठली नव्हती.

माझी एकच कुरकूर: १९०३ पासून मद्रासहून आलेले दक्षिणी लोक त्या मोठ्या हिशेबात नाहीत. बाकी 'चलो जहाजी' हा त्यांचा लेखसंग्रह विद्यापीठाने इंटरनेटवर फुकट ठेवलाय. कुंती आणि 'सिरिया' दोन्ही त्यातच आहेत.