बऱ्या दिवशी घड्याळ लावा

फायब्रोमायल्जिया (अंगभर दीर्घकाळ दुखत राहणारा आजार), एंडोमेट्रिओसिस (गर्भाशयाच्या अस्तरासारखा थर गर्भाशयाबाहेर वाढण्याचा आजार) किंवा संधिवात असलेल्या बाईला दुखण्याच्या दिवसापेक्षा बरा दिवस महागात पडतो, असं माझं ठाम मत आहे. सकाळी अंग हलकं वाटतं आणि साठलेलं धुणं, मंडई, माळ्यावरचे डबे असं सगळं एका दमात उरकलं जातं. ठणका मात्र बऱ्याचदा दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी येतो, त्यामुळे कारण हाती लागत नाही. 'काही न करताच दुखायला लागलं' असं वाटतं, आणि घरच्यांनाही तसंच दिसतं.

म्हणून कुठे थांबायचं ते दुखण्यावर सोडू नका. एक आठवडा बऱ्या-वाईट दोन्ही दिवशी, दुखणं वाढेपर्यंत किती मिनिटं काम झालं ते लिहा. सरासरी काढून त्यातला पाचवा हिस्सा कमी करा. ओट्याशी २० मिनिटं उभं राहता येत असेल तर गजर १६ मिनिटांचा. तो वाजला की तव्यावरची पोळी उतरवून, गॅस बंद करून पाच मिनिटं बसायचं. बऱ्या दिवशीही १६च! सगळ्यात अवघड हेच आहे. दोन आठवडे निभावलं तर एक-दोन मिनिटं वाढवा.

ओट्याशी उभं राहताना एक पाय पाटावर ठेवा आणि पाय आलटून-पालटून बदला. पाच लिटरचा भरलेला कुकर पाच किलोंच्या आसपास जातो. त्यापेक्षा तीन लिटरचा दोनदा लावा. पुण्याच्या पीएमपी बसमध्ये मागच्या चाकांवरची आणि त्यामागची सीट टाळा, गतिरोधकाचा दणका तिथेच जास्त बसतो. दुचाकीवर मागे एका बाजूला पाय टाकून बसलं की कंबर पिळली जाते.

गौरी-गणपतीत 'मला बरं नाही' एवढंच सांगून कुणाला काही कळत नाही. 'आई, पुरण मी शिजवते, वाटायला दुसरं कुणीतरी बसा,' असं नेमकं काम सांगा, तेही आठवडाभर आधी.

डॉक्टरांकडेही हेच. फायब्रोमायल्जियात रक्ताचे रिपोर्ट सहसा नॉर्मल येतात, आणि सोनोग्राफी स्वच्छ आली तरी एंडोमेट्रिओसिस असू शकतो. अशा वेळी तुमची नोंदच कामाला येते: पाळीचा कितवा दिवस, झोप किती, कुठे दुखलं, कोणतं काम अडलं. दोन-तीन पाळ्यांची नोंद एका पानावर न्या. सकाळी सांधे सुजून तासभर आखडत असतील तर संधिवाततज्ज्ञांकडे जायला उशीर करू नका.

गोळी कोणत्या तारखेला घेतली तेही लिहा. आयब्युप्रोफेन, डायक्लोफेनॅक उपवासाच्या रिकाम्या पोटी घेऊ नका. सर्दीच्या बऱ्याच गोळ्यांत पॅरासिटामॉल असतंच, तेही दिवसाच्या हिशेबात धरा. डोकेदुखीसाठी साध्या वेदनाशामक गोळ्या महिन्यात १५ किंवा जास्त दिवस, महिनोन्‌महिने लागत असतील, तर त्या गोळ्यांनीच डोकं दुखत राहू शकतं. हा आकडा डॉक्टरांनी विचारला नाही तरी त्यांना सांगा.