नादाच्या मुलखातील वारी

ज्या मुलखात ही वारी चालते तो कोणत्याही नकाशावर सापडणार नाही, कारण तो मी मनाने वसवला आहे आणि वारीही मनानेच केली आहे. तिथले नियम मात्र मी रचलेले नाहीत. आपल्या जगात ध्वनी जे बारीक प्रमाणात करतो, तेच तिथे डोंगराएवढे होऊन घडते. जर्मन शास्त्रज्ञ अर्न्स्ट क्लाड्नी यांनी 1787 साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात पत्र्यावरच्या वाळूचे प्रयोग मांडले होते. पत्र्याच्या कडेवरून व्हायोलिनचा गज ओढला की थरथरणाऱ्या भागातली वाळू उडून जाते आणि पत्रा जिथे स्थिर राहतो, नेमक्या त्या रेषांवर ती गोळा होते. आमची वाट म्हणजे अशीच एक रेषा होती.

पहाटे दिंडीने सूर धरला तेव्हा समोरचे मैदान सपाट होते. काही क्षणांतच ते सगळे उकळत्या पाण्यासारखे थरथरू लागले आणि त्या थरथरीतून हातभर रुंदीचा वाळूचा बांध वर आला. त्याच्यावर पाऊल घट्ट बसत होते, पण बांधाच्या बाहेर पडले तर ते घोट्यापर्यंत रुतत होते. सूर चढवला की नक्षी दाट होते, म्हणजे वाटा वाढतात पण अरुंद होतात. उतरवला की वाटा कमी पण ऐसपैस मिळतात. त्यामुळे कोणता सूर लावायचा, हा तिथे चवीचा प्रश्न नसून पायांचा प्रश्न असतो. अर्धी दिंडी गात असताना उरलेल्या अर्ध्यांनी श्वास घ्यायचा, अशा पाळ्या ठरलेल्या होत्या आणि त्या सांभाळण्याचे काम सर्वांत पुढे चालणाऱ्या आजींकडे होते.

दुसऱ्या दिवशी माझ्या पाळीत मला खोकला आला. तो दाबून सूर तसाच धरून ठेवावा, असे वाटल्याने मी तो दाबला आणि आवाज वेडावाकडा हलला. उजव्या पायाखालची वाळू मुठीतून निसटावी तशी निसटली आणि बांध बघता बघता वीतभर डावीकडे सरकला. आजींनी मागे वळून माझे कोपर धरले, पण गाणे चालू असल्याने त्यांना रागावता येईना. ते त्यांनी मुक्कामावर उरकले. “बाळा, खोकला आला तर खुशाल खोकावं, पण आधी सूर सोडावा. दोन्ही एकदम केलंस म्हणून वाट बिचकली.” मी तोवर जोराने गाण्यालाच भक्ती समजत होतो. जोराने बांध उंच होतो, एवढेच. तो जागेवर राहतो तो सूर स्थिर असल्यामुळे.

वाटेत राई लागली. भुंगा टोमॅटोच्या फुलाला बिलगून अंग थरथरवतो तेव्हा त्यातले पराग झडतात. त्या राईतली झाडे या कामासाठी भुंग्याऐवजी दिंडीची वाट पाहतात. आम्ही खालून गेलो तेव्हा सगळ्यांचे खांदे पिवळे झाले.

खरी परीक्षा कड्यापाशी होती. कडा 40 मीटर उंच, सरळसोट, आणि त्याच्या पायथ्याशी पातळ फरश्यांचा ढीग पडलेला. ध्वनीने वस्तू अधांतरी तोलता येते, हे प्रयोगशाळांत अनेकदा दाखवले गेले आहे. समोरासमोरच्या लाटा एकमेकींत मिसळून स्थायी तरंग तयार झाला की त्याच्या निस्पंद बिंदूंपाशी, म्हणजे हवेचा दाब जिथे जवळपास बदलत नाही तिथे, थर्माकोलचे हलके मणी हवेत थांबतात, आणि लगतच्या दोन बिंदूंमधले अंतर तरंगलांबीच्या, म्हणजे एका लाटेच्या लांबीच्या, निम्मे असते. सूर जितका खालचा, तितकी ही लांबी मोठी. इथे मण्यांच्या जागी फरश्या होत्या. पुरुषांनी 100 हर्ट्झच्या आसपास खर्ज लावताच त्या उचलल्या गेल्या खऱ्या, पण एकीवर एक पावणेदोन मीटरच्या अंतराने. अशी पायरी चढणार कोण? मग दिंडीतल्या मुलांना पुढे बोलावले. त्यांनी 850 हर्ट्झच्या जवळपासचा टिपेचा स्वर लावला आणि फरश्या सळसळत एकमेकींजवळ येऊन साधारण वीस सेंटीमीटरच्या जिन्यात उभ्या राहिल्या. मोठी माणसे तोंड मिटून चढली. मुले गात गात शेवटी आली. मी 195 पायऱ्या मोजल्या.

माथ्यावर देऊळ नाही, मूर्तीही नाही. मैदानातल्या सगळ्या रेषा जिथे येऊन मिळतात तिथे एक शिळा आहे आणि कोणताही सूर लावला तरी ती हलत नाही. दर्शन म्हणजे तिच्यावर तळहात ठेवणे. चारी बाजूंची जमीन गुणगुणत असताना हाताखाली काहीच जाणवत नव्हते. थोड्या वेळाने बोटांच्या टोकांशी ठोके लागले, ते माझ्याच नाडीचे होते.

दर्शन आटोपेपर्यंत अंधार पडला आणि मुले जिथे बसली तिथेच झोपली. जिना केव्हाच खाली कोसळला होता. आजींनी टिपेचा स्वर लावून पाहिला. एक फरशी जेमतेम कंबरेएवढी उचलली आणि आवाज फाटताच आपटून दुभंगली. त्यांनी हसून पदराने तोंड पुसले आणि मुलांना उठवायला निघालेल्या दोघांना खुणेनेच खाली बसवले. रात्रभर आम्ही कुजबुजलोही नाही. उजाडता उजाडता एका मुलीने डोळे चोळत स्वर लावला, तिच्यामागून बाकीच्यांनी. थंड हवेत ध्वनीचा वेग घटतो आणि लाट आखूड होते, म्हणून तोच स्वर असूनही पायऱ्या जरा जवळ आल्या होत्या. उतरताना मी पुन्हा मोजल्या: 202.