चकव्यात गेलेला बुधवार आणि किरकोळ रजा

चकवा लागल्यावर काय करायचं, हे आमच्या भागात शेंबडं पोरही सांगेल. जागीच बसा, डाव्या पायातली चप्पल उजव्यात घाला, उजाडेपर्यंत हलू नका. पण चकव्यात गेलेला दिवस हजेरीपटावर कसा लावायचा, हे कुणी सांगत नाही. म्हणून लिहितोय. कार्यालयाचं नाव लिहीत नाही, अजून नोकरी करायचीय.

घडलं ते थोडक्यात. मंगळवारी रात्री डबा घेऊन साताऱ्याहून बामणोलीकडं निघालो. यवतेश्वरचा घाट चढलो, पुढं घाटाई फाट्याची पाटी दिसली. थोड्या वेळानं तीच पाटी पुन्हा. मग परत तीच. गाडी बंद केली, चपला बदलल्या आणि बसलो. धुक्यातनं घोंगडं पांघरलेला एक म्हातारा आला. बामणोलीची वाट विचारली तर म्हणाला, "नदीच्या कडंकडंनं जा." तिथं आता नदी कुठली? कोयना धरण झाल्यापासून शिवसागराचं पाणी पसरलंय. उलट त्यानंच मला विचारलं, "पाणी अडवणार म्हणत्यात, खरं का?" मी 11 डिसेंबर 1967 च्या भूकंपाचा विषय काढला. आमच्याकडं म्हाताऱ्या माणसांची वयं त्यावरनंच काढतात. तो नुसताच बघत राहिला. उजाडलं, पाटीपुढचा रस्ता सरळ झाला, मी वेळेत कामावर हजर.

फक्त तो दिवस गुरुवार निघाला. माझा बुधवार कुठं गेला, मला आजही ठाऊक नाही. डब्यातलं पिठलं आंबलेलंसुद्धा नव्हतं.

कारणे दाखवा नोटीस लगेच आली. त्या बाबतीत आमचं कार्यालय फार तत्पर. मी खरं ते लिहून दिलं. खुलासा परत आला, शेरा: 'समाधानकारक नाही.' पुन्हा सविस्तर लिहिला, म्हाताऱ्यासकट. तो आवक टेबलावरच हरवला. (पोच घ्या. शिपाई म्हणतो "ठेवा साहेब, देतो आत", तरी दुसऱ्या प्रतीवर शिक्का मारून घ्या.)

मग आस्थापनेच्या भाऊसाहेबांकडं बोलावणं आलं. माणूस वाईट नाही, पण चष्म्यावरनं बघायची सवय अशी की आपण काहीतरी चोरलंय असं आपल्यालाच वाटावं. म्हणाले, "डॉ. दाभोलकरांच्या साताऱ्यात तुम्ही शासकीय कागदावर चकवा लिहिता? 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा माहितीय ना?" मी म्हटलं, त्या कायद्यात चकवा लागणं हा गुन्हा नाही, मी कुणाला गंडवलं नाही, कुणाकडनं पैसे घेतले नाहीत. ते म्हणाले, "घेतले नाहीत, मागताय. बुधवारचा पगार."

इथनं पुढं जे अडलं ते अडलंच. त्यांच्या नमुन्यात एक रकाना होता: 'अनुपस्थितीचा कालावधी व त्या काळातील ठावठिकाणा.' मी लिहिलं, घाटाई फाटा, एक रात्र. ते म्हणाले, दोन रात्री आणि एक दिवस. मी म्हटलं, भाऊसाहेब, मी बुधवार भोगलाच नाही, तर रजा कशाची टाकू? त्यावर त्यांनी पेन खाली ठेवलं. "तुम्ही नसेल भोगला. शासनानं भोगला."

यावर काय बोलणार?

वैद्यकीय दाखला आणा म्हणाले. डॉक्टरांनी विचारलं, काय होतंय? मी म्हटलं, काही नाही. मग कसला दाखला, म्हणाले. बरोबरच होतं त्यांचं. पुन्हा भाऊसाहेब. महाराष्ट्र नागरी सेवा (रजा) नियम, 1981 चं पुस्तक काढून त्यांनी असाधारण रजेचं पान पुढं केलं. नावावरनं वाटलं, ही आपल्यासाठीच केलेली दिसते. पण ती बिनपगारी. मी नाही म्हटलं. नस्ती, म्हणजे माझी फाईल, परत कपाटात.

या सगळ्यात एक गोष्ट मात्र वाईट झाली. तीच हकिकत सारखी लिहून लिहून म्हाताऱ्याचा चेहरा माझ्या डोक्यातनं पुसत गेला. आता घोंगडं आठवतं, आवाज आठवतो. तेव्हा तुम्हाला असं काही झालं तर आधी स्वतःच्या वहीत लिहा, कार्यालयाला नंतर. मला वाटतं, चकव्यानं नेलं त्यापेक्षा त्या रकान्यानं जास्त नेलं.

सुटका केली शेजारच्या टेबलावरच्या ताईंनी. डबा खाताखाता म्हणाल्या, "अहो दादा, किरकोळ टाका की. ती त्या रजा नियमांत धरतच नाहीत. साहेब मागाहूनही मंजूर करतात." कारण? "घरगुती कारण. ठावठिकाणा कोण विचारतंय?" अर्ज एका ओळीचा. साहेबांनी मान वर न करता सही केली, पगार पुढच्या महिन्यात निघाला. त्या सहीनंतर मी कॅंटीनमध्ये सगळ्यांना चहा पाजला, भाऊसाहेबांनाही. त्यांनी घेतला.

नियमाला धरून बोलायचं तर माझी हक्काची एक रजा फुकट गेली, आणि हे मला अजून पटलेलं नाही. पण भांडत बसू नका. वर्षाला 8 किरकोळ मिळतात. बामणोलीकडं रात्रीचं जाणं असेल तर त्यातली एक डिसेंबरअखेरपर्यंत शिल्लक ठेवा.