ग्रॅटिन: बटाट्यानंतर गाजर, रताळं आणि बीट

बटाट्याचं ग्रॅटिन, म्हणजे पातळ चकत्या दूध-क्रीममध्ये शिजवून ओव्हनमध्ये भाजायचा पदार्थ, आता हातात बसलंय, म्हणून त्याचं माप फक्त नोंदवून ठेवतो. १ किलो बटाट्याला निम्मं दूध-निम्मं क्रीम मिळून साधारण ७०० मिली, १२ ग्रॅम मीठ, ठेचलेला लसूण, मिरी आणि जायफळ. चकत्या २ ते ३ मिलिमीटर. कापल्यावर धुवायच्या नाहीत, कारण वर सुटलेला स्टार्चच पुढे दुधाला दाटपणा देतो. तो नळाखाली घालवायचा आणि मग वरून कॉर्नफ्लोअर ढवळायचं, हा उद्योग मला कधी पटला नाही.

दरवेळी करताना एक गोष्ट मात्र पक्की होत चाललीये. या पदार्थाचं बरंवाईट ओव्हनमध्ये ठरत नाही, त्याआधी गॅसवर ठरतं. मी दूध-क्रीमला आधी उकळी आणतो आणि चकत्या त्या उकळत्यातच सोडतो. कोमट दुधात टाकून सावकाश तापवलं तर बटाटा ५५ ते ६५ अंशांच्या टप्प्यात जास्त वेळ राहतो, त्यातलं पेक्टिन (पेशींना एकत्र धरून ठेवणारा पदार्थ) घट्ट होतं आणि नंतर कितीही भाजा, चकत्यांचा टणकपणा जात नाही. उकळत्यात पडल्यावर सात-आठ मिनिटं हलक्या हाताने ढवळत राहायचं. सुरुवातीला चकत्या एकमेकींना चिकटतात, त्या उलथन्याने सोडवाव्या लागतात. मग दूध जड होऊ लागतं आणि डाव ओढला की मागे क्षणभर पातेल्याचा तळ दिसतो. तिथे गॅस बंद. आता सगळं डिशमध्ये ओतायचं आणि १६० अंशांवर पाऊण तास.

हेच गणित गाजराला लावलं की पंचाईत होते. गाजरात स्टार्च नावापुरताच, वर भाजताना स्वतःचं पाणी सोडतं ते वेगळंच. दूध दाटत नाही आणि चकत्या त्यात पोहत राहतात. मैद्याचा पांढरा सॉस हा यावरचा सोपा उपाय, पण मला त्यात पिठाचीच चव पुढे येते. म्हणून एक तृतीयांश बटाटा मिसळतो. गाजर हट्टी असल्यामुळे त्याच्या चकत्या जेमतेम २ मिलिमीटरच्या, आणि बटाट्याआधी दहा मिनिटं एकट्याच उकळायच्या. ओव्हनमध्ये पहिला अर्धा तास फॉइल लावून, मग उघडं. आता गाजरही सुरीला विरोध करत नाही.

रताळं हा खरा मजेचा भाग. त्यात भरपूर स्टार्च असतो, त्यामुळे सॉस बटाट्यासारखाच दाटेल असं वाटतं. पण रताळ्यात तो स्टार्च तोडून माल्टोज साखर करणारं एन्झाइम असतं आणि ते साधारण ६० ते ७५ अंशांच्या दरम्यान जोरात चालतं. म्हणजे मंद तापवलं की गोडवा वाढतो आणि दाटपणा हातचा जातो. नुसतं भाजलेलं रताळं खायचं असेल तर हे वरदानच, पण ग्रॅटिनमध्ये त्याचं पुडिंग व्हायला वेळ लागत नाही. इथेही उत्तर तेच: खळखळ उकळतं क्रीम आणि थोड्या-थोड्या करून सोडलेल्या चकत्या, म्हणजे उकळी मोडत नाही. चकत्या ४ मिलिमीटर, कारण रताळं पटकन मऊ पडतं. पातेल्यात तीन-चार मिनिटं पुरे. तरीही गोडवा उरतोच, म्हणून क्रीममध्ये चमचाभर मोहरीची पेस्ट आणि वर मुरलेलं, खारट चीज. मला हे मिश्रण बटाट्यापेक्षाही आवडायला लागलंय.

बिटाबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. सालासकट अख्खं उकडून मग कापलं तर रंग कमी सुटतो, पण क्रीम गुलाबी व्हायचं ते होतंच. चव छान, रूप ज्याचं त्याने ठरवावं.

चीज मी शेवटच्या पंधरा मिनिटांतच घालतो, आधी घातलं तर तेल सुटून पापुद्रा कडक होतो. फ्रान्सच्या दोफिने भागातल्या ग्रॅटिनमध्ये चीज नकोच, असं कट्टर मंडळी मानतात. बटाट्यापुरतं मलाही ते मान्य आहे.

झालं की नाही हे मी घड्याळापेक्षा कडेच्या बुडबुड्यांवरून ओळखतो. आधी ते बारीक आणि घाईचे असतात. सॉस जमला की मोठे, आळशी बुडबुडे येतात आणि फुटल्यावर तिथे खळगा थोडा वेळ टिकतो. बाहेर काढून किमान पंधरा मिनिटं हात लावायचा नाही. थंड होताना सॉस आणखी आळतो आणि तुकडा सरळ कापला जातो.

पुढचा नंबर सेलेरियाकचा, म्हणजे सेलरीच्या गड्ड्याचा. तो कापला की काळपट पडतो. लिंबाच्या पाण्यात ठेवला तर आंबटपणाने शिजायला वेळ लावणार आणि दूधही फाटू शकतं. म्हणून पातेल्यावरच स्लायसर धरून चकत्या थेट उकळत्या दुधात पाडायच्या असं ठरवलंय. स्टार्च कमीच, तेव्हा बटाट्याचा एक तृतीयांश हिस्सा इथेही राहील.