माणसे कॅमेऱ्यासमोर कशी बोलतात?

तुम्ही विचारलेत म्हणून लिहिते. माहितीपटातली माणसे इतकी मोकळेपणाने कशी बोलतात, हा प्रश्न जळगाव-धुळ्याच्या महाविद्यालयांत हमखास येतो आणि विद्यार्थ्यांना बहुधा बोलते करण्याची एखादी युक्ती हवी असते. माझ्या मते बोलते करणे त्यामानाने सोपे आहे. बोललेले सांभाळणे अवघड.

दिवाळीच्या सुमारास नंदुरबार-धुळ्याच्या पाड्यांवरून आणि चाळीसगावकडच्या तांड्यांवरून कुटुंबेच्या कुटुंबे ऊसतोडीला निघतात. कोणी पश्चिम महाराष्ट्रात, कोणी सुरत-बारडोलीकडे. नवराबायकोची जोडी म्हणजे एक कोयता. मुकादम त्या कोयत्याला आधीच उचल देऊन ठेवतो आणि हंगामभराची मजुरी तिच्यात वळती होत राहते. आगाऊ पैशांपोटी माणूस असा बांधून घेणे १९७६ च्या कायद्याने वेठबिगारी ठरू शकते. पण हिशेब मुकादमाच्या वहीत असतो आणि वही कोणी दाखवत नाही. म्हणून तो हिशेब घरातल्या बाईच्या तोंडून यावा लागतो. मी अहिराणीतच विचारते, भिली किंवा पावरी बोलणाऱ्या पाड्यावर त्याच भाषेतला सोबती नेते आणि पहिल्या भेटींत कॅमेरा पिशवीबाहेर काढत नाही.

एका ताईंनी भाकरी थापता थापता सगळा हिशेब तोंडपाठ सांगितला: सासऱ्यांच्या आजारपणात वाढलेली उचल, बाळंतपणातले खाडे, त्यांचे कापलेले पैसे. बोलून झाल्यावर पदराला लावलेल्या माइककडे पाहत त्यांनी विचारले, ‘हाई मुकादमले दिसी का?’

पुढच्या हंगामाची उचल त्यांना त्याच मुकादमाकडून घ्यायची होती. संमतिपत्रावर त्यांचा अंगठा होता, निर्मात्यांच्या दृष्टीने तेवढे पुरेसे होते. पण न वाचता उमटवलेल्या अंगठ्याला मी संमती मानत नाही. आम्ही चेहरा आणि गावाचे नाव गाळून केवळ पिठातले हात आणि आवाज ठेवला, तोही बदलून. चेहऱ्याविना प्रेक्षकांचा विश्वास बसत नाही, असे जाणकार सांगतात. मला ते पटत नाही. तो हिशेब ऐकताना सभागृहात कोणी हललेले मी पाहिलेले नाही.

संकलन पक्के करण्यापूर्वी लॅपटॉप घेऊन त्यांच्या ओट्यावर बसलो. सासऱ्यांच्या आजाराचे नाव त्यांनी काढायला लावले. खाड्यांचे पैसे मात्र राहू द्या, म्हणाल्या. वर एक राहून गेलेला खाडाही सांगितला.