सबस्क्रिप्शन संपलं, डाव अडकले: बुद्धिबळाचा संग्रह सोडवून घेताना

बुद्धिबळाच्या संकेतस्थळावरच्या सशुल्क खात्याची मुदत संपली की तिथे साठवलेले डाव पुसले जातात का? नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण जुळे सोलापुरातल्या आमच्या बुद्धिबळाच्या वर्गाचं खातं असंच बंद पडलं तेव्हा पालकांनी पहिला प्रश्न हाच विचारला होता. डाव जागेवरच असतात, फक्त दाराला कुलूप लागतं.

हे कुलूप सगळ्या डावांना सारखं लागत नाही. त्या संकेतस्थळावर प्रत्यक्ष खेळलेले डाव फुकट खात्यातही दिसत राहिले आणि उतरवूनही घेता आले. आपण हाताने चढवलेले डाव, म्हणजे स्कोअरशीट (खेळताना चाली लिहायचा कागद) बघून एकेक चाल टाकलेले, टिपा लिहून फोल्डरमध्ये लावलेले, ते मात्र अडकले. फोल्डरांची नावं दिसायची, आत किती डाव आहेत तो आकडाही दिसायचा. उघडायला गेलं की समोर पैसे भरण्याचं पान. राहिलं इंजिनचं, म्हणजे चाली तपासणाऱ्या प्रोग्रॅमचं, विश्लेषण. त्यासाठी जीव जाळू नका. स्टॉकफिश हे इंजिन फुकट आहे, घरच्या संगणकावर चालतं आणि तेच काम पुन्हा करून देतं.

आमचा जीव अडकला होता तो हाताने चढवलेल्या डावांत. सोलापूर, पंढरपूर, बार्शीकडच्या मुलांच्या स्पर्धांत चाली आपोआप नोंदणारे इलेक्ट्रॉनिक पट नसतात. चेस-रिझल्ट्स या स्पर्धांच्या संकेतस्थळावर जोड्या आणि निकाल मिळतात, चाली सहसा मिळत नाहीत. मूळ स्कोअरशीट आयोजकांची, मुलाच्या हाती येते ती कार्बनची प्रत, आणि ती दप्तरात घासून घासून पुसट होते. अकरा वर्षांच्या मुलीने एक प्यादं कमी असताना हत्तींच्या एंडगेममध्ये, म्हणजे मोजकी मोहरी उरल्यावरच्या शेवटच्या टप्प्यात, काढलेली बरोबरी त्या फोल्डरखेरीज जगात कुठेही नोंदलेली नसते. ग्रँडमास्टरांचे डाव अडकले असतील तर त्यांच्यामागे वेळ घालवू नका. ‘द वीक इन चेस’ हे संकेतस्थळ १९९४ पासून चालू आहे आणि दर आठवड्याच्या डावांची पीजीएन फाइल (चाली साध्या मजकुरात ठेवणारी) फुकट देतं. सोडवायचे ते आपले डाव आणि आपल्या टिपा.

मुदत संपली ती कार्ड बदलल्यामुळे. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार १ ऑक्टोबर २०२१ पासून कार्डावरून आपोआप जाणाऱ्या हप्त्यांना ग्राहकाची नोंदलेली संमती लागते आणि पैसे कापण्याआधी किमान २४ तास सूचना यावी लागते. १५,००० रुपयांपर्यंतच्या हप्त्याला दर वेळी ओटीपी लागत नाही, ही मर्यादा जून २०२२ मध्ये ५,००० वरून वाढवली. नियम चांगलाच आहे. पण बँकेने नवं कार्ड दिलं की जुन्या कार्डावरची संमती नव्यावर येईलच असं धरून चालू नका. नवं कार्ड हातात पडलं की बँकेच्या ॲपमधली ई-मँडेटची, म्हणजे अशा संमतींची, यादी त्याच दिवशी तपासा.

खरं अडलं ते पुढे. वर्गाच्या वर्गणीत पैसे होते, भरायची तयारी होती. पण संकेतस्थळावर सबस्क्रिप्शन पुन्हा सुरू करायला गेलं की एकच संदेश यायचा: हे दुसऱ्या माध्यमातून घेतलेलं आहे, तिथूनच बदला. कुठल्या माध्यमातून, त्याचा पत्ता नाही. मदतीच्या फॉर्मवर ‘ऑर्डर क्रमांक’ हा रकाना सक्तीचा. बँकेच्या स्टेटमेंटवरचा संदर्भ क्रमांक टाकला तर फॉर्म तो मुकाट्याने घ्यायचा आणि मग आपोआप तयार झालेलं उत्तर यायचं की या क्रमांकाची ऑर्डर सापडली नाही. स्टेटमेंटचा फोटो जोडला, तरी उत्तर तेच, शब्दही तेच. प्रत्येक उत्तरासाठी पुन्हा थांबायचं, आणि इकडे मुलं विचारणार की सर, माझा बार्शीचा डाव कधी दाखवणार.

यामागचं कारण साधं आहे, पण ते कोणी सांगत नाही. अँड्रॉइड फोनच्या ॲपमधून सबस्क्रिप्शन घेतलं की पैसे कंपनीला थेट जात नाहीत. ते आधी गुगलकडे जातात आणि कंपनीला फक्त गुगलने दिलेला क्रमांक दिसतो. बँकेला तिचा स्वतःचा संदर्भ क्रमांक माहीत, कंपनीला गुगलचा, आणि या दोघांची गाठ कुठेच पडत नाही. यूपीआयने भरलं असेल तर जो १२ आकडी क्रमांक मिळतो, तोही इथे कामाचा नाही. हवा असतो तो ‘जीपीए’ या तीन इंग्रजी अक्षरांनी सुरू होणारा लांबलचक क्रमांक. फॉर्मवर त्या रकान्याखाली एवढी एक ओळ छापली असती तर सगळी पायपीट वाचली असती. मला राग आहे तो त्या न छापलेल्या ओळीचा.

हा क्रमांक दोन ठिकाणी मिळतो. एक, गुगलकडून आलेल्या पावतीच्या मेलमध्ये. दोन, प्ले स्टोअरमध्ये वर उजवीकडच्या फोटोवर दाबून ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये जा, तिथल्या ऑर्डर हिस्टरीत. आयफोनवरून घेतलं असेल तर सेटिंग्जमध्ये आपल्या नावाखाली सबस्क्रिप्शन्स असतात आणि ऑर्डर क्रमांक ॲपलच्या पावतीवर.

आमच्या ऑर्डर हिस्टरीत मात्र काहीच नव्हतं, आणि बहुतेकांची दुसरी अडचण हीच असते. बुद्धिबळाच्या खात्याचा ईमेल कोणता, याच्याशी प्ले स्टोअरला देणंघेणं नसतं. खरेदी करताना त्या फोनवर प्ले स्टोअरमध्ये जे जीमेल निवडलेलं होतं, त्याला ती चिकटते. वर्गाचा फोन चार जणांच्या हातातून फिरतो, त्यात तीन-तीन जीमेल असतात. प्ले स्टोअरमध्ये फोटोवर दाबून एकेक खातं बदला आणि प्रत्येकात सबस्क्रिप्शनची यादी बघा. त्याहून लवकर होणारं काम म्हणजे प्रत्येक जीमेलमध्ये ती तीन अक्षरं शोधणं. आमची खरेदी एका जुन्या शिक्षकांच्या जीमेलवर निघाली. ते आता विजापूर रोडला राहतात, त्यांनी फोनवरच लॉगिन करून दिलं आणि गाठ सुटली.

तिथे सबस्क्रिप्शन ‘होल्ड’वर दिसलं. हे नीट समजून घ्या. पैसे कापले गेले नाहीत म्हणून प्ले स्टोअर सबस्क्रिप्शन लगेच रद्द करत नाही. काही काळ ते होल्डवर ठेवतं. सुविधा बंद असतात, पण करार जिवंत असतो. म्हणूनच संकेतस्थळ नवं सबस्क्रिप्शन घेऊ देत नव्हतं. इथून दोन वाटा निघतात. पैसे भरण्याचं साधन तिथल्या तिथे बदललं की जुनं सबस्क्रिप्शन पुन्हा चालू होतं. मग ज्या फोनवरून खरेदी झाली त्यावर ॲप उघडून ‘रिस्टोअर पर्चेस’ दाबा, संगणकावर एकदा लॉगआउट करून पुन्हा आत या, नाहीतर तिथे जुनीच स्थिती दिसत राहते. दुसरी वाट म्हणजे जुनं प्ले स्टोअरमधूनच रद्द करायचं आणि संकेतस्थळावरून थेट फक्त एका महिन्याचं घ्यायचं. आम्ही दुसरी धरली. डाव बाहेर काढायला वर्षाचे पैसे कशाला? जुनं होल्डवर असताना दुसऱ्या ईमेलने नवं खातं मात्र काढू नका, त्यात फोल्डर येत नाहीत आणि जुनं जागं झालं तर दोन्हीकडून पैसे कापले जातात.

महिन्याचे पैसे भरताच सगळे फोल्डर जसेच्या तसे उघडले, टिपांसकट. त्या क्षणी जो आनंद झाला तो लपवत नाही. मदत-विभागाचं माणसाने लिहिलेलं पहिलं उत्तर त्यानंतर आलं.

भरल्याबरोबर ऑटो-रिन्यू बंद करा. महिना संपेपर्यंत सुविधा चालूच राहतात.

आता उतरवून घेणं. पीजीएन हा १९९३ मध्ये स्टीव्हन एडवर्ड्स यांनी मांडलेला साधा मजकुराचा साचा आहे, बुद्धिबळाचं जवळपास प्रत्येक सॉफ्टवेअर तो वाचतं. पण ‘डाउनलोड’ दाबून आलेल्या फाइलवर डोळे मिटून विश्वास ठेवू नका. आमच्याकडे ‘सगळे निवडा’ म्हटलं तरी समोरच्या पानावरचेच डाव निवडले जात होते, पुढची पानं राहून जात होती. फाइल नोटपॅड प्लस प्लसमध्ये उघडा आणि चौकटी कंसासकट ‘इव्हेंट’ हा इंग्रजी टॅग किती वेळा येतो ते ‘काउंट’ने मोजा. प्रत्येक डाव त्यानेच सुरू होतो, त्यामुळे हा आकडा फोल्डरवरच्या आकड्याशी जुळला पाहिजे.

मग कंस बघा. पीजीएनमध्ये पर्यायी चाली गोल कंसात आणि टिपा महिरपी कंसात असतात. भरपूर टिपा असलेला एक डाव निवडा आणि फाइलमध्ये तो शोधा. महिरपी कंस एकही नसेल तर फक्त मुख्य चाली उतरल्या आहेत. आमची पहिली फाइल अशीच निघाली. यादीतून उतरवलं तर नुसत्या चाली येत होत्या, डाव विश्लेषणाच्या पटावर उघडून उतरवला की सगळं येत होतं. टिपा असलेले डाव म्हणून एकेक करून काढावे लागले. कंटाळवाणं काम आहे, मोठ्या मुलांना सोबत घ्या.

मराठीत टिपा लिहिणाऱ्यांसाठी आणखी एक. पीजीएनचा मूळ नियम लॅटिन अक्षरसंचाचा आहे, देवनागरी त्यात नाही. आजची बरीच सॉफ्टवेअर यूटीएफ-८ ही सगळ्या लिप्या सामावणारी अक्षरं साठवण्याची पद्धत (एन्कोडिंग) वापरतात, सगळी नाही. टिपेच्या जागी परदेशी अक्षरांचा गुंता दिसला तर घाबरू नका. मजकूर शाबूत असतो, एन्कोडिंग यूटीएफ-८ निवडलं की बहुतेक वेळा मराठी परत दिसतं. नुसती प्रश्नचिन्हं दिसली तर त्या फाइलमधून मजकूर गेलेला आहे. मुदत चालू आहे तोवरच दुसऱ्या मार्गाने पुन्हा उतरवून घ्या.

संग्रह ठेवण्यासाठी आता आमच्या दोन जागा आहेत. संगणकावर ‘स्किड व्हर्सेस पीसी’, हे डावांचा डेटाबेस ठेवणारं सॉफ्टवेअर फुकट आहे आणि हजारो डाव सहज पेलतं. दुसरी जागा लिचेस. २०१० मध्ये सुरू झालेलं हे बुद्धिबळाचं संकेतस्थळ देणग्यांवर चालतं, त्यामुळे मुदत संपण्याचा प्रश्नच नाही. तिथल्या एका ‘स्टडी’त, म्हणजे डावांच्या वहीत, ६४ प्रकरणं मावतात, म्हणून फाइल आधीच स्पर्धेनुसार तोडून ठेवा. मुलांची नावं असतात, तेव्हा स्टडी खासगी करा.

चेसबेस हे डेटाबेसचं सॉफ्टवेअर वापरणाऱ्यांनी नुसती त्याची सीबीएच फाइल पेनड्राइव्हवर घेऊ नये. तो डेटाबेस अनेक फाइलींचा मिळून असतो, चाली एकीत, टिपा दुसरीत, खेळाडूंची नावं तिसरीत. बॅकअपने सीबीव्ही फाइल करा, त्यात सगळं एकत्र येतं. स्किडच्या डेटाबेसचंही तसंच, एकाच नावाच्या तीन फाइली असतात, तिन्ही उचला. आणि पीजीएनची एक प्रत वेगळी ठेवाच, कारण ती उघडायला कुठलंच खास सॉफ्टवेअर लागत नाही.

प्रत्येक मुलाचे डाव वेगळ्या फाइलीत काढून पालकांच्या व्हॉट्सॲपवर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवले. संदेशात चिकटवलेल्या मजकुरात चिन्हं इकडची तिकडे होतात, डॉक्युमेंट जसंच्या तसं पोचतं.