आज भोगी, उद्या संक्रांत

बेळगावकडे आजच्या ताटात सज्जी भाकरी, म्हणजे तीळ लावलेली बाजरीची भाकरी, आणि भोगीची भाजी हवीच. बाजूला लोणी आणि कारळ्याची चटणी.

भाकरी बिघडते ती बहुतेक पिठामुळे. बाजरीत तेल असतं, त्यामुळे दळलेलं पीठ लवकर कडू पडतं. आठवड्याच्या आतलंच घ्या. बाजरीला चिकटपणा नाही, म्हणून गार पाण्यात मळलं की कडा चिरतात. दोन वाट्या पिठाला वाटीभर कडकडीत पाणी बेताबेतानं घाला, तळहातानं रगडून मळा आणि एका वेळी एकाच भाकरीपुरतं घ्या. अर्धी थापली की तीळ पसरून पुन्हा थापा, म्हणजे ते पिठात रुततात. नुसते वर भुरभुरले तर तव्यावर गळून करपतात. भाकरी तव्यावर टाकली की लगेच वरून पाणी फिरवा आणि ते पुरतं सुकायच्या आत उलटा. उशीर झाला की तडे जातात, मग फुगायचं नाव नाही.

भाजीत वांगी, गाजर, पावटा, ओला हरभरा, भिजवलेले शेंगदाणे. पावटा आधी शिजू द्या, चिंच त्यानंतरच. आंबट आधी पडलं की दाणे टणक राहतात, कितीही उकळा. अर्धा किलो भाजीला दोन चमचे तिळाचं कूट, तेही शेवटी, नाहीतर तळाला लागतं. गूळ सुपारीएवढा.

कारळे मंद आचेवरच भाजा, तडतडले की लगेच उतरवा. काळ्या दाण्याचा करपलेला रंग दिसत नाही, कडवटपणा मात्र चटणीत उतरतो.